दाण्याची वेळ

“...म्हणजे ती घोडी अजून जिवंत आहे?”

डॉक्टर केतकी शिरगावकर स्कूटरवरून उतरली होती. हेल्मेट अजून डोक्यावरच होतं.

बाबांनी चुन्याची पाटी खाली ठेवली. तोंडावरचा मास्क नीट केला.

“आहे. तुम्ही तारेच्या पलीकडंच थांबा.”

सांगोल्याच्या माळावर ही टेकडी. वर एका पीराचा लहानसा दर्गा, खाली पत्र्याचा गोठा. डॉक्टर बशीर मुजावर जन्मभर सरकारी नोकरीत जनावरांवर उपचार करत हिंडले आणि नोकरी संपल्यावर इथं येऊन राहिले. दर्ग्याची दिवाबत्ती त्यांच्या घराण्याकडं होती, ती त्यांनी उचलली. अंगात एक विटका सदरा, पायात गमबूट. कुणाचा बैल लंगडला, कुणाच्या शेळ्या गळाठल्या, की लोक इथं घेऊन येत. डॉक्टर कुणी म्हणत नसे. सगळे बाबाच म्हणत.

केतकी माणसांची डॉक्टर. तालुक्याच्या गावी मोठ्या दवाखान्यात होती. ज्या तापाचं निदान होत नाही, ते रोगी तिच्याकडं पाठवले जात. ते आपल्याकडंच का येतात, हे तिला चांगलं ठाऊक होतं.

“तुळशीराम जावीर माझ्याकडे ॲडमिट आहे,” ती म्हणाली.

बाबा एकदम तारेपाशी आले.

“तुमच्याकडं आहे होय तो! मी किती ठिकाणी विचारलं. घोडी इथं बांधली, चार दिवसांत येतो म्हणाला आणि एस.टी.त बसला. अंग तेव्हाच तापलेलं होतं. ...कसा आहे?”

“वाचेल. आता वाचेल.”

“आता म्हणजे?”

“आता म्हणजे मी ओळखलंय म्हणून.”

तिनं हेल्मेट काढलं. सांगायला लागली. हा माणूस आला तेव्हा क्षयाच्या गोळ्या खात होता. फुप्फुसात डाग, दंडावर आणि पोटरीत गळवं, वजन निम्म्यावर आलेलं. गोळ्यांनी काडीचा फरक नाही. तिनं गळू फोडलं, पू तपासायला पाठवला. लॅबवाले म्हणाले, साधा जंतू आहे, नमुना खराब झाला असेल. तिनं ऐकलं नाही. तोच पू मोठ्या प्रयोगशाळेत पाठवला.

“आणि मी त्याला विचारलं, तुम्ही काम काय करता? इतक्या दिवसांत हे कुणी विचारलंच नव्हतं. म्हणाला, वरातीची घोडी आहे. मी म्हटलं, घोडी आजारी आहे का? म्हणाला, न्हाई.”

“खोटं बोलला.”

“हो. पण तापात बडबडायला लागला की सारखं एकच. तिचं नाक पुसा, तिचं नाक पुसा. मग मला कळलं. तुम्ही जनावरांचे डॉक्टर, तुम्ही नाव ऐकलं असेल. ग्लँडर्स. घोड्याचा रोग. माणसात लाखात एखाद्याला.”

“घोडीच्या रक्ताचा निकाल काल आला,” बाबा म्हणाले. “तेच आहे.”

केतकीनं हेल्मेट सीटवर ठेवलं.

“नाकातून पू येत होता. मानेवर गाठी. मी आल्या दिवशीच बाजूला बांधली, रक्त पाठवलं. माझंही पाठवलंय. कुठल्या तरी यात्रेत आजारी घोड्याच्या हौदावर पाणी पाजलं असेल.” बाबांनी मोकळ्या माळाकडं पाहिलं. “तुम्ही हुशार आहात, डॉक्टरबाई. पण त्याला क्षयाच्या गोळ्या चालू होत्या तेव्हा मी त्याला रोज रस्त्यावरून जाताना बघत होतो. खोकत जायचा. घोडीकडं बघायचो मी. त्याच्याकडं नाही. उशीर आपल्या दोघांनाही झाला.”

केतकीला हे आवडलं नाही. तिला उशीर झाला नव्हता. तिच्याकडं तो आला आणि तिनं ओळखलं.

“तिला मारावं लागेल,” ती म्हणाली. “कायदा आहे.”

“उद्या सकाळी.”

“इलाज नाहीच?”

“माणसाला आहे. तिला नाही.”

गोठ्याच्या पलीकडं, बाभळीखाली, घोडी उभी होती. पिवळसर पांढऱ्या रंगाची. म्हणून तुळशीरामनं तिचं नाव शेवंती ठेवलं होतं. बरगड्या मोजता येतील अशी झाली होती. तरी तिनं मान वर केली, कान टवकारले आणि केतकीच्या मागं, रस्त्याकडं पाहत राहिली.

“काय बघते ती?”

“तुमच्या मागं अजून कुणी उतरतंय का, ते.”

केतकीनं मागं वळून पाहिलं. रस्ता रिकामा होता.

.

सकाळी सरकारी माणसं आली. जेसीबीनं खोल खड्डा घेतला होता. पंचनामा झाला. इंजेक्शन कोण देणार, असा प्रश्न आला तेव्हा बाबांनी हात पुढं केला.

केतकीही आली होती. आपल्या रोग्याचा रोग जिथून आला तिथं तो संपला, हे तिला डोळ्यांनी बघायचं होतं.

आधी गुंगीचं औषध. घोडीची मान खाली आली. बाबांनी हातमोजा घातलेला तळवा तिच्या कपाळावर ठेवला. “शेवंती,” म्हणाले. दुसरं काही नाही. मग दुसरं इंजेक्शन.

ती पडली ती गुडघे मोडून, सावकाश. बसायला सांगितल्यासारखी.

मग बाबांनी तिचं सगळं आणलं. लग्नाची जरीची झूल, आरशांचा कपाळपट्टा, लगाम, खोगीर, तोबरा, खरारा. खाली अंथरलेला कडबा. एकेक वस्तू आगीत टाकली. जळणार नव्हतं ते खड्ड्यात गेलं, वर चुना पडला.

केतकीच्या पायाशी धुळीत एक घुंगरू होतं. पायातल्या तोड्याचं, पितळेचं. हातमोजे घातलेले होते, तिनं ते उचललं.

“हे मी नेते. ऑटोक्लेव्ह करून देते, वाफेत एक जंतू शिल्लक राहणार नाही. त्याच्याजवळ तिचं काहीतरी राहील.”

बाबांनी हात पुढं केला. तिला वाटलं, त्यांना ते बघायचं आहे. तिनं त्यांच्या तळव्यावर ठेवलं.

त्यांनी ते खड्ड्यात टाकलं.

“अहो! मी सांगतेय ना, काही धोका नव्हता.”

“ठाऊक आहे.”

“मग?”

“तो वाजवून बघेल.”

“बघू दे की.”

“...ती येणार नाही.”

केतकीला हा म्हातारा कठोर वाटला. तसं तिनं तोंडावर म्हटलंही. बाबांनी ऐकून घेतलं आणि चुन्याची दुसरी पाटी उचलली.

.

“त्याला इतक्यात सांगायचं नाही,” केतकीनं बजावलं होतं. “अजून ताप आहे. धक्का सोसणार नाही.”

“तुम्हीच सांगाल?”

“बरा झाला की सांगू.”

तिसऱ्या प्रहरी बाबा दवाखान्याच्या दारात उभे होते. अंघोळ केलेली, स्वच्छ धुतलेला सदरा, पायात वहाणा. गमबूट नव्हते म्हणून केतकीनं पटकन ओळखलं नाही.

“मी तुम्हाला नको म्हटलं होतं.”

“तुम्ही विचारलं होतं का त्याला, काय नको ते?”

एवढं म्हणून ते वॉर्डात शिरले.

तुळशीराम पलंगावर उताणा पडला होता. पन्नाशीचा माणूस, पण चेहऱ्यावर कातडं तेवढं उरलेलं. बायको कधीच वारली होती. मूलबाळ नव्हतं. लग्नसराईत दुसऱ्यांच्या नवरदेवांना पाठीवर बसवून गावोगाव नेणं, हाच दोघांचा संसार, त्याचा आणि घोडीचा. हाताच्या शिरेत सलाइन चाललं होतं.

बाबा स्टुलावर बसले. त्यांनी काही सांगितलं नाही. त्याच्याकडं पाहत बसले.

तुळशीरामनं त्यांच्याकडं पाहिलं. त्यांच्या अंगावरच्या धुतलेल्या कपड्यांकडं पाहिलं. बराच वेळ पाहिलं.

“दाणा खात व्हती का?”

“शेवटपर्यंत.”

“...कुणी हात लावला?”

“मी.”

“बरं झालं.” त्यानं डोळे मिटले. “परक्याचा हात तिला खपत न्हाई.”

बाबा अंधार पडायच्या आत उठून गेले. केतकी दारातच उभी होती. तिला वाटलं होतं, तुळशीराम रडेल, ओरडेल, सुई उपटून टाकेल. त्यासाठी तिनं सिस्टरला तयार ठेवलं होतं.

तो भिंतीकडं तोंड करून पडून राहिला.

.

औषध लागू पडलं. रोज शिरेतून इंजेक्शनं जात होती. ताप एक दिवस जरा खाली, एक दिवस पुन्हा वर, असं करत करत शेवटी उतरला तो उतरलाच. गळवं सुकली. फुप्फुसातले डाग विरळ झाले. तुळशीराम उठून बसायला लागला, भाकरी मागायला लागला. बाबांच्या रक्ताचा निकाल आला, त्यांना काही झालेलं नव्हतं. लांबच्या शहरांतले डॉक्टर केतकीला फोन करून विचारत, कसं सुचलं तुम्हाला? ती सांगत असे. सांगताना आवाज साधा ठेवायचा ती प्रयत्न करी.

एवढं झालं, आणि एक गोष्ट राहिली.

दिवस कलला की तुळशीराम पलंगावरून उठायचा. हाताला नळी असली तर सलाइनची दांडी ओढत. वॉर्डाच्या टोकाला खिडकी होती, तिथं जाऊन उभा राहायचा. कान खाली रस्त्याकडं. सिस्टरनं हाक मारली तर ऐकू जायचं नाही. थोड्या वेळानं आपला आपण परत यायचा.

“काय बघता तिथं?” केतकीनं विचारलं.

“काय न्हाई.”

“काही ऐकू येतं का?”

तो पलंगाकडं वळला.

“तुळशीराम, डॉक्टरपासून लपवायचं नाही. काय ऐकू येतं?”

“...टापा.”

हा जंतू मेंदूत शिरू शकतो, हे तिनं वाचलं होतं. तिनं मेंदूचा स्कॅन केला. स्वच्छ. पाठीच्या मणक्यातलं पाणी काढून तपासलं. स्वच्छ. दुसऱ्यांदा स्कॅन केला. तोही स्वच्छ. ज्यांच्यावर तिचा विश्वास होता अशा दोन डॉक्टरांना तिनं फोन केला. तेही म्हणाले, काही सापडत नाही.

सापडत नाही, हे शब्द तिला सोसत नसत.

ती टेकडीवर गेली. बाबा एका शेळीच्या खुरातली जखम धूत होते. केतकीनं सगळं सांगितलं. स्कॅनचं, पाण्याचं, टापांचं.

“माझ्या हातून काहीतरी सुटतंय, बाबा.”

तिनं त्यांना पहिल्यांदाच बाबा म्हटलं होतं. ते तिच्याही ध्यानात आलं नाही.

“कुठल्या वेळेला उठतो?”

“संध्याकाळी. उन्हं उतरली की.”

“रोज त्याच वेळेला?”

“रोज.”

बाबांनी शेळीचा पाय सोडला. ती लंगडत तिच्या कळपाकडं गेली.

“दाण्याची वेळ,” ते म्हणाले.

“काय?”

“उन्हं उतरली की तो तिला दाणा घालायचा. भिजवलेले हरभरे.”

केतकी खाली दगडावर बसली. मग हसली. इतक्या दिवसांचं ओझं उतरल्यासारखी मोकळी हसली.

“म्हणजे मेंदूत काही नाही. मनाचं आहे हे. देवा... मी उगीच घाबरले. मग सोपं आहे, याला औषध आहे.”

बाबांनी तिच्याकडं पाहिलं.

“का? नसावं?”

“तुम्ही डॉक्टर आहात.”

“तुम्हीही आहात.”

“हो.” बाबांनी हात धुवायला घेतले. कितीतरी वेळ धूत राहिले. “...घालून बघा.”

.

केतकीनं दुपारच्या जेवणानंतर एक गोळी सुरू केली. हलकी, झोपेची.

त्या संध्याकाळी उन्हं उतरली, रस्त्यावरचे दिवे लागले, आणि तुळशीराम झोपलेलाच राहिला. चेहरा शांत. श्वास सरळ. केतकी पलंगाच्या पायाशी उभी राहून बघत होती. हेही मी बरं केलं, असं तिच्या मनात आलंच.

रात्रीचं ताट आलं तेव्हा तो जागा झाला. खिडकीकडं पाहिलं. बाहेर काळोख. मग दिव्याकडं पाहिलं. मग एकदम उठून बसला.

“किती वाजलं?”

“जेवायची वेळ झाली,” केतकी म्हणाली. “छान झोप लागली तुम्हाला आज.”

तो तिच्याकडं पाहत राहिला. डोळे भरून आले. ज्या माणसानं घोडी मेल्याचं ऐकून टिपूस काढलं नव्हतं, तो माणूस दोन्ही हातांत तोंड धरून रडायला लागला. शेजारच्या पलंगावरचे लोक उठून बसले.

“काय झालं? दुखतंय का कुठं? तुळशीराम!”

“आज म्या गेलोच न्हाई,” तो म्हणाला. “आज म्या तिच्याकडं गेलोच न्हाई, बाई...”

ताट तसंच परत गेलं.

.

दुसऱ्या दिवशी केतकी टेकडीवर आली ती बोलायला नव्हे. स्कूटर लावली, दर्ग्याच्या पायरीवर बसली. बाबा आत झाडत होते. झाडून झालं, उदबत्ती लावली, बाहेर येऊन ते दुसऱ्या पायरीवर बसले.

खाली माळ पसरला होता. लांबवर कुणी औत हाकत होतं.

“गोळी बंद केली,” बऱ्याच वेळानं ती म्हणाली.

बाबांनी मान हलवली.

“तुम्हाला ठाऊक होतं असं होणार. मग अडवलं का नाही मला?”

“माझंही चुकत असेल, असं वाटलं. एखाद्याला गोळीनं बरंही वाटतं.”

“मग याचं काय करू मी? तुम्ही म्हणता रोग नाही. मी म्हणते दुःख आहे. माणूस रोज संध्याकाळी उठून मेलेल्या घोडीच्या टापा ऐकतो आणि मी नुसती बघत राहू?”

बाबा खाली औताकडं पाहत होते.

“मला नाही बघवत.” ती म्हणाली. “कुणाला काही होतंय आणि त्याला नाव नाही, औषध नाही... मला ते बघवतच नाही.”

“तुमचं कोण गेलं?”

ती दचकली.

“कुणी नाही.”

बाबांनी पुन्हा विचारलं नाही. उदबत्तीचा वास येत राहिला.

“...भाऊ,” ती म्हणाली. “धाकटा. सुहृद. इंजिनियरिंगला होता, हॉस्टेलवर. ताप आला. आठवडाभरात गेला. कशाचा ताप, ते शेवटपर्यंत कुणाला कळलं नाही. मी तेव्हा शिकत होते. तिथं पोहोचले तेव्हा तो बोलत नव्हता.”

“त्याची वेळ कुठली?”

“त्याची कसली वेळ?”

केतकीनं पदराशी चाळा करावा तसा ओढणीचा कोपरा बोटाभोवती गुंडाळला. सोडला. पुन्हा गुंडाळला.

“रोज मेसमधून जेवून निघाला की मिस्ड कॉल द्यायचा. एकच रिंग. मी उचलायचा नाही. त्याचा अर्थ, ताई, जेवलो.” ती माळाकडं पाहत होती. “पैसे नसायचे तेव्हा त्याच्या फोनमध्ये. मग नोकरीचं ठरलं, पैसे आले, तरी मिस्ड कॉलच द्यायचा.”

“अजून त्या वेळेला?”

तिनं ओढणीचा पीळ सोडला.

“अजून त्या वेळेला काय करता?”

“फोन उलटा ठेवत नाही,” केतकी अगदी हळू म्हणाली. “जेवताना. वॉर्डात असले तरी. स्क्रीन दिसेल असा ठेवते. ...इतकी वर्षं झाली, बाबा. कुणालाच ठाऊक नाही. नवऱ्यालाही नाही.”

बाबांनी सदऱ्याच्या खिशात हात घातला. मूठ बाहेर काढली, तिच्यापुढं धरली आणि उघडली. तळहात रिकामा होता.

“गोळी आहे असं समजा. एक घेतली की रात्री फोनकडं लक्ष जाणार नाही. कधीच नाही. ...घ्याल?”

केतकी त्या रिकाम्या तळहाताकडं पाहत राहिली. मग तिनं घाईनं, कुणी खरंच काही हिसकावून घेणार असल्यासारखे, दोन्ही हात मागं घेतले.

बाबांनी मूठ मिटली.

ती उठली. स्कूटरपाशी जाऊन परत आली.

“मी आजवर इतक्या रोग्यांना विचारलं,” ती म्हणाली, “दुखतं का, ताप कधी येतो, खोकला कसा आहे. त्याची वेळ कुठली, असं मला पहिल्यांदाच कुणी विचारलं.”

बाबांनी तिला चहा विचारला. ती नको म्हणाली. मग म्हणाली, “अर्धा.”

.

शिरेतली इंजेक्शनं संपली. पुढं कितीतरी महिने गोळ्या घ्यायच्या होत्या, पण त्या घरी घेता येणार होत्या. केतकीनं तुळशीरामला घरी सोडायचं ठरवलं. घर म्हणजे एका खोलीचं, आणि दारात रिकामा खुंटा.

“आधी टेकडीवर न्याल का?” त्यानं विचारलं.

केतकीनं स्वतःची स्कूटर ठेवली आणि दवाखान्याची गाडी मागितली. त्याला पुढं बसवलं. वाटेत एका वळणावर तो म्हणाला, “हितं ती बुजायची. पुलाला.” आणि पूल गेल्यावर मान वळवून मागं पाहिलं.

बाबा वाट बघत होते. घोडी पुरली होती त्या जागेभोवती तारेचं कुंपण होतं. मधली माती खाली बसली होती आणि चुन्याच्या पांढऱ्या खुणांतून गवत वर आलं होतं. तुळशीराम कुंपणाबाहेर उभा राहिला. आत जायचं नाही, हे त्याला सांगावं लागलं नाही.

“लई खोल घेतलाय का खड्डा?”

“लई.”

“डोकं कुठल्या अंगाला?”

“रस्त्याकडं.”

त्यानं मान हलवली. कुंपणाशी वाकला, दोन्ही हात जोडले आणि मागं फिरला.

मग तिघं गोठ्याच्या सावलीत बसली. बाबांनी चहा केला. तुळशीरामनं दोन पेले घेतले. भूक लागली म्हणाला. बाबांनी भाकरी आणि कांदा दिला. बोलणं निघालं. पंढरीनाथ बँडवाल्यानं दुसरी घोडी देऊ केली होती, उसनी. तुळशीराम म्हणाला, “बघू.” शेजारी कुणाचं तरी लग्न होतं, त्या नवरदेवाला घोड्यावर बसायची भीती वाटायची, शेवंती त्याला घेऊन कशी पाय न नाचवता चालली, ते त्यानं सांगितलं. सांगताना हसला. केतकीनं त्याला हसताना पहिल्यांदाच पाहिलं. त्याचे पुढचे दात किडलेले होते आणि हसू लहान मुलासारखं होतं.

बोलता बोलता उन्हं उतरली.

बाभळीची सावली लांब झाली. माळावरून गार वारा सुटला.

तुळशीराम वाक्याच्या मधेच थांबला.

हातातला पेला खाली ठेवला. गुडघ्यावर हात टेकून उठला. कुणाकडंही न पाहता गोठ्याच्या कोपऱ्याशी गेला, बाभळीच्या दिशेनं तोंड केलं आणि उभा राहिला. वारा त्याच्या सदऱ्यात भरत होता. मान थोडी कलती. कान लावलेला.

केतकी उठायला निघाली.

बाबांनी नुसता हात आडवा धरला. ती बसली.

दोघं बघत राहिली. तो जिथं बघत होता तिथं काहीच नव्हतं. बाभळ होती. संध्याकाळ होती.

“बाबा,” ती कुजबुजली. “ताप नाही. जखमा भरल्या. भूक आहे. माझ्या हिशेबानं हा माणूस बरा झाला.”

“झाला.”

“आणि हे?”

बाबांनी आडवा धरलेला हात खाली घेतला.

“हे कधी थांबेल?” तिनं विचारलं. मग जरा वेळानं, आणखी हळू, “...थांबतं का?”

पलीकडं तुळशीरामनं हात पुढं केला होता. कुणाच्या तरी मानेच्या उंचीवर. हवेत.

बाबा त्या हाताकडं पाहत होते.

“ज्या संध्याकाळी तो उठणार नाही,” ते म्हणाले, “त्या संध्याकाळी मला बोलवा.”